डाव्या हाताचा फोटो

१

"हिचा तरी फोटू अख्खा येतोय का बग आदी," सासूबाई म्हणाल्या. "मग दसऱ्याला चरकाम्होरं उभी करू."

शरयू न्हाणीत केस पिळत होती. न्हाणीची भिंत अर्धीच होती आणि वर पत्रा, त्यामुळं स्वयंपाकघरातलं बोलणं सरळ आत येऊन पडायचं. बोलणाऱ्यांना ते ठाऊक नसावं. या घरात आंघोळ म्हणजे तांब्या आपटणं आणि देवाचं नाव ओरडणं. तिथं गप्प बसून अंग धुणारी ही पहिलीच.

तिला हसू आलं. सुमंतला, म्हणजे तिच्या नवऱ्याला, फोटो काढता येत नाही हे घरच्यांनाही माहीत होतं तर. लग्नानंतर जोतिबाला गेले तेव्हा त्यानं पायऱ्यांचे आणि आभाळाचे फोटो काढले होते. मध्ये कुठंतरी देव होता.

"काडतो की," सुमंतचा आवाज आला. चहाचा फुरका.

मग 'अख्खा' हा शब्द तिच्या कानात तसाच राहिला, दातात शेंगदाण्याचं टरफल अडकावं तसा. फोटो चांगला येतो, वाईट येतो, हलतो, काळा येतो. भाकरी अख्खी येते. फोटो अख्खा येतो, असं तिनं तरी कोरेगावात कधी ऐकलं नव्हतं.

२

इस्लामपूरच्या अलीकडं, सडकेला लागून त्यांचं गुऱ्हाळ होतं. घर पुढं आणि गुऱ्हाळ मागं. पावसाळाभर चरक ताडपत्रीखाली झोपून होता. आता भाद्रपद संपत आला, तशी सासऱ्यांनी, नाथाजींनी, ताडपत्री ओढून काढली. ऊस पिळायच्या तीन जाड लोखंडी लाटा, म्हणजे रूळ, शेजारी मोठं दातेरी चाक आणि लांब पट्ट्यानं जोडलेलं डिझेल इंजिन. दसऱ्याला हत्यारांची पूजा होते, त्याच मुहूर्तावर चरकाला पहिला ऊस लावायचा. तो घरच्या नव्या सुनेनं लावायचा, कोपरापर्यंत हिरवा चुडा भरलेल्या हातानं. ही त्यांच्या घरची रीत.

"रीत म्हंजी रीत," सासूबाई, राहीबाई, म्हणाल्या होत्या. "भरल्या हातानं लावला की गूळ पिवळाजर्द पडतोय."

सुमंतनं तिला चरकाजवळ उभं केलं, उजव्या हातात ऊस दिला. कॅमेरा काळा, साबणाच्या वडीएवढा. त्यात जमवाजमव काही नव्हती, बघायचं आणि दाबायचं. दाबलं की आत मोटर चालून रोल आपोआप पुढं ओढला जायचा. घुर्रर्र. तो आवाज तिला ओळखीचा वाटला, पण कशाचा ते आठवेना.

फोटो धुऊन आले तेव्हा ते आधी सासूबाईंच्या हातात गेले. त्यांनी पहिला पाहिला, दुसरा पाहिला आणि इतका मोठा सुस्कारा सोडला, की शरयूला वाटलं सुंदर आले असणार.

पहिल्या फोटोत ती कडेला होती आणि तिचा उजवा हात नव्हता. ते समजण्यासारखं होतं, कडेला कापला गेला असेल. दुसऱ्या फोटोत ती अगदी मधोमध होती. पदर, खांदा, झंपराच्या बाहीची जर, सगळं स्वच्छ. बाहीच्या खाली चरकाचं चाक दिसत होतं. जिथं तिचा दंड, कोपर, मनगट असायला हवं, तिथं चाकाचे दाते एकामागं एक.

ऊस मात्र होता. उभाच्या उभा, कुणी न धरलेला.

"हा कॅमेरा असलाच हाय," सुमंत म्हणाला. "वरच्या भोकातनं आपल्याला एक दिसतंय, आन् खालच्या भिंगाला दुसरंच. कापाकापी व्हायचीच."

"मधलं कसं कापेल?" असं तिच्या ओठांपर्यंत आलं होतं. नव्या सुनेचं बरंच काही ओठांपर्यंत येतं आणि तिथूनच परत जातं.

त्या दुपारी सासूबाईंनी तिच्या भातावर तूप घातलं. आणि परत घातलं. लग्न झाल्यापासून त्या घरात तुपाचं भांडं तिच्या ताटाकडं कधी वाकलं नव्हतं.

"खा गं बाई," त्या म्हणाल्या. "पोटभर खा."

३

शरयू बी.कॉम. होती. भुताखेतांवर तिचा विश्वास नव्हता, ताळेबंदावर होता. कुठंतरी चूक असते, ती शोधायची, बस. तिनं इस्लामपुरातून नवा रोल आणवला आणि घरात दिसेल त्याचे फोटो काढायला लागली. कळशी, उंबरा, काकवीचे डबे, दोरीवरची धोतरं. माणसं मात्र कॅमेरा दिसला की उठून जात. नाथाजी तर दोन्ही हात पाठीमागं घेत. त्यांच्या उजव्या हाताची दोन बोटं नव्हती. लाजत असतील, असं तिला वाटलं.

गुऱ्हाळावर खंड्या नावाचा कुत्रा होता. माणसांना जमत नव्हतं ते त्यानं केलं, कॅमेऱ्यासमोर जीभ काढून बसला. शरयू लांब उभी राहिली, त्याला बरोबर मध्ये घेतला, चारी बाजूंनी मोकळी जागा सोडली आणि दाबलं. घुर्रर्र.

तेव्हा तिला आवाज आठवला. लांबून ऐकलेला चरक असाच वाजतो, ऊस धरून आत ओढताना.

दोन दिवसांनी सुमंतनं इंजिन चालवून पाहायला घेतलं. खंड्या पट्ट्याखालच्या सावलीत झोपला होता. तो तिथं रोजच झोपायचा. किंकाळी आली ती कुत्र्याची वाटली नाही. शरयू पळत मागं गेली तर पट्ट्यानं त्याला मागच्या बाजूनं धरून चाकाकडं नेलेलं. मागचे पाय आत, आणि पुढचे दोन जमीन उकरतायत, अजून आपण पळू शकतो अशा समजुतीनं.

सुमंतनं इंजिन बंद केलं. घाई केली नाही. खांबाला खुंटीवर एक कोयता टांगलेला असायचा, तो काढला आणि एका घावात खंड्याचा आवाज थांबवला. मग पातं उसाच्या चिपाडावर दोन्ही बाजूंनी पुसलं आणि कोयता परत खुंटीला लावला.

"पानी टाक त्यावर," तो तिला म्हणाला.

तिनं बादलीनं पाणी टाकलं. पाणी लाल झालं, मग गुलाबी, मग नुसता चिखल.

४

अर्जुना गुळव्या होता, रस आटवून गूळ करणारा. काईलीतला, त्या भल्या मोठ्या कढईतला, रस कधी उतरवायचा हे तो वासावरून सांगायचा, आणि बाकी जगातलं काहीही न विचारता सांगायचा. काईलीखालच्या चुलाणाच्या तोंडाची राख काढत बसला होता तेव्हा शरयूनं त्याला चहा नेऊन दिला.

"अर्जुनामामा, तो कोयता तिथं कशाला टांगलेला असतो? ऊस तर तोडूनच येतो."

"ऊसासाठी न्हाई त्यो," अर्जुना म्हणाला. "चरकात हात घावला, तर इंजीन बंद करंपातूर खांदा जातोय, वैनी. चाक लगीच थांबत न्हाई. मग कोयता काडायचा आन् हात तितंच सोडायचा. मानूस तरी ऱ्हातंय."

"असं झालंय कधी?"

त्यानं बशीत चहा ओतला. प्यायला नाही.

"मयूरीवैनींचं तुमास्नी सांगितलं न्हाई?"

मयूरी ही सुमंतची पहिली बायको. 'अपघातात गेली' एवढं कोरेगावात कळलं होतं. शरयूच्या पाठीवर दोन बहिणी होत्या, त्यामुळं कसल्या अपघातात, हे कुणी फार ताणून विचारलं नव्हतं.

"दसराच हुता. चुडा भरल्याला. उसाचं कांडं लावलं, आन् बांगड्यास्नी धरून हात आत. लय वरडल्या. मी काईलीपाशी हुतो, पळत येस्तवर..." अर्जुनानं मान हलवली. "मालक हुतं, मालकीनबाई हुत्या, सुमंतदादा हुतं. तिगंबी उबी. कोयता खुटीला. हात लांब केला असता तर घावला असता की वो. कुणी काडलाच न्हाई."

"का?"

"ते त्येंनाच इचारा." मग आवाज खाली आणून म्हणाला, "कॅमेरा मयूरीवैनींचाच. त्येंच्या भावानं दुबईसनं आनल्याला. त्या दिशी त्येंच्या डाव्या हातात हुता."

शरयू उठली. जाता जाता, काहीतरी विचारायचं म्हणून विचारावं तसं तिनं विचारलं, "आणि मामंजींची बोटं? तीही त्याच दिवशी?"

"न्हाई न्हाई. ती म्होरल्या हंगामात. त्या दिशी मालकांचं हात चांगलं हुतं."

५

फोटो स्टुडिओ एसटी स्टँडच्या मागं होता. मालक अफताब, सुमंतच्या ओळखीचा. शरयू बांगड्या बघायला जाते असं सांगून आली होती. चुडा भरायचाच होता, त्यामुळं ते खोटंही नव्हतं.

अफताबनं धुतलेला रोल तिच्यापुढं ठेवला. कळशी अख्खी. उंबरा अख्खा. धोतरं अख्खी. खंड्या जीभ काढून बसलेला, हसतोय म्हणावं असा, आणि पोटाच्या मागं नुसती जमीन. चारी बाजूंनी मोकळी जागा, तिनं सोडलेली, तशीच्या तशी.

"असं होतंय या कॅमेऱ्यात, वैनी," अफताब म्हणाला. "बघायची खिडकी वर, भिंग खाली. जवळून काढलं की डोकी उडतात. लोकं आमच्यावर चिडतात."

"हा मी लांबून काढलाय."

अफताबनं फोटो उजेडात धरला. निगेटिव्ह काढून तीही धरली. मग फोटो पालथा ठेवला.

"केमिकलचा डाग असंल," तो म्हणाला. त्याचा स्वतःचाही त्यावर विश्वास बसलेला दिसला नाही. मग ड्रॉवर उघडून त्यानं एक जुनं पाकीट काढलं. "हे तुमच्याच घरचं. सुमंतभाईंनी रोल टाकला आन् न्यायला आलेच नाहीत. दोन-तीनदा निरोप दिला, म्हणाले फेकून दे. कुणाचे फोटो फेकवत नाहीत मला. घेऊन जा."

पाकिटात बरेच फोटो होते, ते तिनं नंतर पाहिले. शेवटचा मात्र तिथंच पाहिला, काउंटरला टेकून.

फोटो तिरका होता. चरकाजवळची तिघं, पाठीमागं खांब, खांबावर कोयता. तिघंही सरळ कॅमेऱ्याकडं बघत होती. घाबरलेली नव्हती. गाडी फलाटाला लागायची वाट बघताना माणसं उभी असतात, तशी उभी होती. फोटोचा अर्ध्याहून जास्त भाग एका अंगठ्यानं झाकलेला होता. घाईत एका हातानं कॅमेरा धरला की भिंगावर येतो तसा, जवळून आलेला, जाड, धुरकट अंगठा. डाव्या हाताचा. त्याच्या मुळाशी हिरव्या काचेची कड.

सासूबाई आणि सुमंत त्या अंगठ्याआड अर्धे गेले होते. मोकळे आले होते ते एकटे नाथाजी. त्यांचा उजवा हात धोतरावर टेकलेला, आणि त्या हाताला तीनच बोटं होती.

त्या दिवशी मालकांचं हात चांगलं हुतं, असं अर्जुना म्हणाला होता.

"वैनी, पाणी देऊ?" अफताबनं विचारलं.

"नको," शरयू म्हणाली. "एक रोल द्या."

६

कोरेगावला तिनं फोन लावला. वाड्यासमोरच्या दुकानातून आईला बोलावून आणेपर्यंत बूथवाल्याच्या मशीनवरचे आकडे पळत होते.

"आई, मला चार दिवस घेऊन जा. दसऱ्याच्या आधी."

"दसऱ्याला सून घरात हवी, शरू. का गं, काही म्हणाले का?"

काय म्हणाले होते? भातावर तूप वाढलं होतं. "माझ्या फोटोत हात येत नाही," ती म्हणाली. तिचं तिलाच ते ऐकू आलं, आणि आईला कसं ऐकू आलं असेल तेही कळलं.

आई हसली. "हलली असशील. पहिल्या वर्षी होतं असं करमेनासं. दिवाळसणाला येशीलच की."

कुठल्या हातानं आंघोळीचं उटणं लावून घेऊ, असं शरयूच्या मनात आलं. फोन ठेवला.

घरी आली तेव्हा सगळी न्हाणीमागच्या अंगणात होती. ती चपला हातात घेऊन न्हाणीत गेली आणि ओल्या दगडावर बसली. कपडेही काढले नाहीत.

"आवं, पोरगी चांगली हाय वो," नाथाजींचा आवाज.

"मयूरी काय वाईट हुती?" सासूबाई म्हणाल्या. "घरातलं मागतोयच त्यो चरक. फोटूत जिचा हात आला न्हाई तिचा दिऊन टाकायचा. न्हाई दिला म्हंजी माज्या पोरावर यील. तुमची दोन बोटं गेली तवा कळलं न्हाई व्हय?"

"सुम्या, तू काय म्हनतोस?" नाथाजींनी विचारलं.

मग सुमंत म्हणाला, "कोयता काडून ठिवू का आत? अर्जुना लय मदी मदी करतोय."

शरयूनं दगडाला हात टेकला. उजवा. दगड गार होता, खरखरीत होता, पाचही बोटांना वेगवेगळा लागत होता. तिनं ती एकेक उचलून पाहिली. मग पिशवीतला कॅमेरा काढून नवा रोल घातला. घुर्रर्र, तो आवाज न्हाणीत फार मोठा वाटला, पण बाहेरच्यांनी ऐकला नाही. त्या घरात न्हाणीकडं कुणी कान देतच नव्हतं.

७

दसऱ्याला चरकाला झेंडूचं तोरण बांधलं. लाटांना हळदीकुंकू. विळे, फावडी, इंजिनचा पाना, सगळं धुऊन ओळीनं मांडलं होतं. खांबावरची खुंटी रिकामी होती.

"कोयता कुठं गेला?" अर्जुनानं विचारलं.

"धारंला दिलाय," सुमंत म्हणाला. "तू काईल बग जा."

सासूबाईंनी सकाळीच तिचा हात भरला होता. बांगड्या घट्ट, चढवताना दोन फुटल्या आणि मनगटावर रक्ताची रेघ आली. "शकून हाय," त्या म्हणाल्या होत्या. डाव्या हातात मोजक्याच होत्या. डाव्या हाताकडं कुणाचं लक्ष नव्हतं, पदराखाली काय आहे तेही कुणी पाहिलं नाही.

इंजिन धडधडायला लागलं. पट्टा ताणला गेला आणि लाटा एकमेकींकडं फिरू लागल्या. नाथाजींनी ऊस तिच्या हातात दिला.

"लाव," सासूबाई म्हणाल्या.

शरयूनं ऊस खाली ठेवला.

तेवढं पुरलं. सुमंतनं तिचं उजवं मनगट धरलं. आधी समजूत घालावी तसं, मग कुत्र्याचा पट्टा धरावा तसं. बांगड्या त्याच्या मुठीत कचाकच फुटल्या. काचा तिच्याही कातडीत गेल्या आणि त्याच्याही. "गप लाव म्हनतोय ना!" तो ओरडला. नाथाजींनी मागून खांदा दाबला. सासूबाईंनी कंबरेला धरलं. त्यांच्या अंगाला अजून उदबत्तीचा वास येत होता. तिचे पाय चिपाडावरून घसरले. लाट एका हाताच्या अंतरावर आली, मग वितीच्या. हळदकुंकवाची बोटं दिसत होती, वर जायची, खाली जायची, परत वर. हवा गार लागत होती, लोखंडाची. तिनं नखांनी सुमंतच्या तोंडावर ओरबाडलं, दातांनी त्याचा दंड धरला आणि सोडला नाही, तोंडात मीठ येईपर्यंत. त्यानं तिच्या कानफटात मारली. डोळ्यांपुढं एक पांढरं फुटलं, आणि त्या पांढऱ्यात एक हिरवं चुडा भरलेलं मनगट चरकाच्या पलीकडून तिच्याकडं येत होतं. ओढायला नाही. दाखवायला. डावं होतं. त्यात काहीतरी काळं धरलेलं, साबणाच्या वडीएवढं.

हे असं, असं ते मनगट म्हणत होतं. घाई झाली माझी.

शरयूनं पदराखालून कॅमेरा काढला.

तिनं डोळा लावला नाही. वरच्या भोकातून एक दिसतं आणि भिंगाला दुसरंच, मग कशाला लावायचा? नुसता हात लांब केला आणि भिंग त्यांच्याकडं केलं. अंगठा आवरला, मागं घेतला, कडेला घट्ट दाबून धरला. भिंग पूर्ण उघडं होतं. त्यात तिघंही अख्खी बसत होती.

आधी सासूबाईंनी पाहिलं. कंबरेची मिठी सुटली आणि त्यांचे दोन्ही हात पदरात गेले. नाथाजींनी आपले हात पाठीमागं नेले, जुन्या सवयीनं. सुमंतनं मनगट सोडलं. त्याच्या मुठीतून रक्त गळत होतं, तो आपला हात कुठं लपवावा हे न कळून काखेत धरून उभा राहिला, पावसात भिजलेल्या पोरासारखा. त्याच्या पाठीला लागून लाटा फिरत होत्या.

काईलीकडून अर्जुना पळत आला आणि जागच्या जागी थांबला.

शरयू दोन पावलं मागं सरली, सगळे नीट मावावेत म्हणून. तिचा उजवा हात कोपरापर्यंत लाल होता, पण होता. पाचही बोटं हलत होती. लग्न झाल्यापासून ती या अंगणात मोठ्यानं एक शब्द बोलली नव्हती. आता इंजिनाच्या वरून ऐकू जाईल इतक्या मोठ्यानं, स्टुडिओतले लोक बोलतात तितक्या गोडीनं, ती म्हणाली,

"असं नाही. हात पुढं घ्या. सगळ्यांचे हात दिसू देत."